जस्तावर उतरलेली भूक

चित्तप्रसाद या चित्रकाराने १९४३च्या बंगालच्या दुष्काळावर काढलेली चित्रं ओळीने पाहत गेलं की काही पानांनंतर लक्षात येतं, यांत राखाडी जवळपास नाहीच. काळं आहे आणि कागद आहे. गालाच्या खळग्यात, बरगड्यांच्या मधे, पोराच्या फुगलेल्या पोटाखाली, जिथे आर्ट स्कूलमधला कुठलाही विद्यार्थी शाईत पाणी मिसळून हलकासा वॉश मारेल, तिथे याने एक तर काळा फटका मारलाय नाही तर जागा तशीच सोडून दिलीय. याला शैली म्हणता येतं. पुष्कळांनी म्हटलंय, आणि सोबत जर्मन चित्रकार केटे कोल्विट्झ, चिनी वुडकट (लाकूड कोरून काढलेले ठसे) अशी नावंही घेतली आहेत. ती नावं चुकीची नाहीत. फक्त या काळ्या-पांढऱ्याचं पहिलं कारण शोधायला छापखान्यात जावं लागतं. चित्रं भिंतीवर लावण्यासाठी काढलेलीच नव्हती. ती कम्युनिस्ट पक्षाच्या साप्ताहिकात, न्यूजप्रिंटवर, मजकुराच्या खिळ्यांना खेटून छापायची होती. रेघ कुठे जाड, कुठे बारीक आणि कुठे अजिबात नको, हे ठरवण्यात जस्ताच्या पत्र्याचा वाटा मोठा होता.

आधी थोडं त्या वर्षाबद्दल. बंगालमध्ये १९४३ साली युद्धाची आघाडी नव्हती. लढाई चालू होती ब्रह्मदेशाच्या सरहद्दीवर, आणि कलकत्त्यावर डिसेंबर १९४२पासून अधूनमधून जपानी बॉम्ब पडले. पण रंगून मार्च १९४२मध्ये पडल्यावर तिथून येणारा तांदूळ थांबला, आणि जपानी समुद्रमार्गे उतरले तर त्यांच्या हाती काही लागू नये म्हणून सरकारने किनारपट्टीच्या जिल्ह्यांतून तांदूळ उचलायला सुरुवात केली. पाठोपाठ होड्या. दहा किंवा जास्त माणसं वाहून नेणारी प्रत्येक होडी नोंदवायची, आणि मग ताब्यात घ्यायची किंवा निकामी करायची. नोंदलेल्या सुमारे ६६ हजार होड्यांपैकी दोन-तृतीयांशांच्या आसपास होड्या अशा गेल्या. बंगालच्या त्या भागात होडी म्हणजे बैलगाडी, बाजार आणि मासेमारी सगळं एकत्र. त्यातच १६ ऑक्टोबर १९४२ला मेदिनीपूरच्या किनाऱ्यावर चक्रीवादळ आणि समुद्राची लाट आली. सरकारी आकड्याप्रमाणे १४,५०० माणसं आणि १,९०,००० गुरं गेली. हा जिल्हा ‘चले जाव’मध्ये पेटलेला होता, त्यामुळे वादळाची बातमीसुद्धा सुरुवातीला दाबली गेली. १९४२च्या सुरुवातीला मणाला सहाएक रुपये असलेला तांदूळ १९४३च्या मे महिन्यात कलकत्त्यात तिशीच्या घरात गेला. शेतमजुराची मजुरी त्या चालीने वाढली नाही, आणि मजुरीवर तांदूळ विकत घेऊन जगणाराच पहिला मेला. भूमिहीन, मासेमार, होडीवाले, कुंभार, न्हावी. नंतर आलेल्या चौकशी आयोगाने १५ लाख मृत्यूंचा अंदाज दिला. पुढच्या अभ्यासकांचे आकडे ३० लाखांच्या आसपास जातात. एवढं होऊनही सरकारने दुष्काळसंहितेप्रमाणे दुष्काळ जाहीर केला नाही.

नोव्हेंबर १९४३मध्ये चित्तप्रसाद मेदिनीपूरमध्ये फिरला. वय अठ्ठावीस. जन्म नैहाटीचा, कॉलेज चितगावचं, आडनाव भट्टाचार्य. जात दाखवणारं म्हणून ते त्याने टाकून दिलेलं. कम्युनिस्ट पक्षाचा कार्यकर्ता. कुठल्याही कलाशाळेची पदवी नाही. याचा त्याला तोटा झाला असेल, पण एक फायदा नक्की झाला: पोस्टर काढत काढत तो चित्रकार झाला होता. छापून आल्यावर चित्राचं काय होतं हे आर्ट सोसायटीच्या वार्षिक प्रदर्शनात सुवर्णपदक मिळवणाऱ्यांपेक्षा त्याला जास्त कळत होतं.

आता तो जस्ताचा ब्लॉक. ऑफसेटच्या जमान्यात हा व्यवसाय संपला, त्यामुळे जरा सावकाश सांगायला हवं.

शिळाप्रेस आणि नंतरचं ऑफसेट बाजूला ठेवलं तर त्या काळची वर्तमानपत्रं उठावाच्या छपाईवर चालत. खिळ्याचं अक्षर वर उचललेलं असतं, त्यावर शाईचा रोलर फिरतो, कागद दाबला जातो. चित्रालाही मग खिळ्याच्याच उंचीला, म्हणजे ०.९१८ इंचांवर यावं लागतं. त्यासाठी ब्लॉकमेकर चित्राचा कॅमेऱ्याने फोटो घेई, हवा त्या मापाला लहान करून. फिल्म किंवा काचेची प्लेट अशी कडक वापरायची की तिला काळं आणि पांढरं एवढंच कळावं. मग जस्ताच्या पत्र्यावर अंड्याचा बलक काढून उरलेला पांढरा भाग आणि बायक्रोमेट यांचा पातळ थर द्यायचा, वाळवायचा, निगेटिव्हखाली ठेवून प्रखर उजेड दाखवायचा. उजेड लागला तिथे थर कडक होतो. वरून चिकट शाई फिरवून पत्रा पाण्याखाली धरला की न कडकलेला भाग शाईसकट धुऊन जातो आणि जस्तावर फक्त रेषा उरतात. त्यांच्यावर राळेची लाल पूड भुरभुरवून पत्रा तापवला की रेषांना आम्ल न लागणारं कवच मिळतं. मग नायट्रिक आम्लाची ताटली.

खरी कारागिरी इथे लागते. आम्ल जसं खाली खातं तसं आडवंही खातं. एकदाच टाकून पुरेसं खोल कोरायचं म्हटलं तर रेघेच्या बुडातून ते आत शिरतं आणि बारीक रेघ छपाईच्या दाबाखाली मोडून पडते. म्हणून थोडं कोरायचं, पत्रा बाहेर काढायचा, चारी दिशांनी ब्रशने राळेची पूड रेघांच्या बाजूंना बसवायची, तापवायचं, परत आम्लात. असं तीन-चार वेळा. शेवटी मोठ्या मोकळ्या जागा यंत्राने खरवडून आणखी खोल करायच्या, नाही तर तिथे रोलर टेकून पांढऱ्या जागेत काळे डाग उठतात. पत्रा लाकडाच्या ठोकळ्यावर ठोकला की ब्लॉक तयार.

या सगळ्यात चित्रकाराने काय सांभाळायचं, तर बरंच काही. पेन्सिलीची राखाडी रेघ या प्रक्रियेत टिकत नाही: एक तर ती पूर्ण काळी होते, नाही तर गायब. पातळ शाईचा वॉशही तसाच. तो काठाशी काळा आणि मधे नाहीसा होतो, आणि चेहऱ्यावर नकाशातल्या बेटांसारखे ठिपके येतात. चित्र दीडपट किंवा दुप्पट मोठं काढावं, कारण लहान करताना हाताची थरथर लपते. पण फार मोठं काढू नये. बारा इंचांचं चित्र चार इंचांवर आणलं तर एक मिलिमीटरची रेघ तृतीयांश मिलिमीटर होते, आणि न्यूजप्रिंटवर तिचा भरवसा धरता येत नाही. सावलीसाठी जवळजवळ रेघा मारल्या तर मधली फट निदान रेघेएवढी तरी ठेवावी. कमी ठेवली की शाई भरते आणि सगळं मिळून एक काळा गोळा होतो. चूक झाली तर खोडायचं नाही, वर पांढरा रंग द्यायचा. कॅमेऱ्याला तो दिसत नाही. कच्चं रेखाटन फिक्या निळ्या पेन्सिलीने करायचं, तेही दिसत नाही. उलट पिवळट किंवा खाकी कागद मात्र त्या कॅमेऱ्याला वाटतो त्यापेक्षा खूप गडद दिसतो, कारण त्या प्लेटा निळ्या उजेडाला जाग्या आणि पिवळ्या-तांबड्याला आंधळ्या. खाकी कागदावरचं सुंदर चित्र ब्लॉकमेकरच्या टेबलावर पोचलं की तो कपाळाला हात लावे.

आता परत चित्तप्रसादची पानं पाहावीत. बरगड्या पाच-सहाच, पण प्रत्येक ब्रशच्या एका ओढीत, मधे भरपूर कागद. डोळ्याची खोबण सरळ काळी भरलेली. पाठीमागचं झोपडं तीन-चार रेघांत. हा माणूस समोरच्या माणसाकडे बघताना तो पत्राही डोळ्यांपुढे ठेवत होता.

फोटो का नाही छापले, असं कुणी विचारेल. छापले की. सुनील जाना त्याच वर्षी बंगालमध्ये फिरून फोटो काढत होता आणि ते पक्षाच्या ‘पीपल्स वॉर’ या साप्ताहिकात येत होते. पण फोटोत राखाडी असतंच, आणि राखाडी छापायचं तर हाफटोन. काचेच्या जाळीतून फोटो काढून त्याचे लहान-मोठे ठिपके करायचे. गुळगुळीत आर्टपेपरवर इंचाला १२० ते १५० ओळींची जाळी चालते. खरबरीत न्यूजप्रिंटवर ५५ ते ६५च्या वर गेलं की ठिपके एकमेकांत मिसळतात आणि माणसाच्या जागी ढग छापला जातो. ५५च्या जाळीत चेहरा दोन इंचांचा असेल तर डोळ्याच्या वाट्याला मोजकेच ठिपके येतात. त्यात युद्धामुळे कागदावर नियंत्रण, पानं कमी, कागदाचा दर्जाही घसरलेला. अशा कागदावर लाइन ब्लॉकमधली, म्हणजे वर सांगितलेल्या नुसत्या रेघांच्या जस्ताच्या ब्लॉकमधली, ब्रशची रेघ हाफटोनपेक्षा स्पष्ट येते, खर्चही कमी होतो. फोटोचा पुरावा म्हणून दबदबा वेगळा, हे मान्यच. ‘स्टेट्समन’ने २२ ऑगस्ट १९४३ला कलकत्त्याच्या फुटपाथवरचे फोटो छापले तेव्हा दिल्ली-लंडनला जाग आली, चित्रांनी नाही. पण ते फोटो शहरातले होते, जिथे भुकेलेली माणसं चालत येऊन मरत होती. ती जिथून निघाली ती गावं चित्तप्रसादच्या कागदावर आहेत.

इथे ब्रिटिश शिल्पकार हेन्री मूर आठवतो, आणि तुलना अगदी हात लावण्याजोगी आहे. सप्टेंबर १९४०मध्ये लंडनवर बॉम्ब पडत असताना भुयारी रेल्वेच्या फलाटांवर झोपलेली माणसं मूरने पाहिली. तिथे बसून चित्र काढणं त्याला बरं वाटलं नाही. तो कोपऱ्यात जाऊन चार शब्द टिपून घेई आणि चित्र घरी जाऊन काढी. त्याची रीत अशी: आधी पांढऱ्या मेणखडूने रेषा, मग वरून गडद पाणीदार रंग. मेणावर रंग ठरत नाही, घसरतो, आणि अंधारातून गुंडाळलेली शरीरं उजळत वर येतात. वर पेनने शाई. म्हणजे सगळं काम मधल्या छटांत. मूरला ते परवडलं, कारण केनेथ क्लार्कच्या सरकारी समितीने ती चित्रं विकत घेतली आणि लंडनच्या नॅशनल गॅलरीत भिंतीवर लावली. तीच महायुद्धाची धामधूम, तेच ब्रिटिश सरकार. एका चित्रकाराची चित्रं ते युद्ध चालू असताना विकत घेत होतं आणि दुसऱ्याची जाळत होतं. जाळण्याकडे पुढे येऊच.

त्याच वर्षी कलकत्त्याच्या सरकारी आर्ट स्कूलमध्ये शिकवणारा जैनुल आबेदिन फुटपाथवर चित्रं काढत होता. तोही तिशीच्या आतला. त्याची चित्रं चित्तप्रसादसारखी दिसत नाहीत. कचऱ्याचा डबा, कावळे, कुत्रा, आई आणि तिच्या अंगावर पसरलेलं पोर. बाकी कागद रिकामा. रेघ तुटक, घासलेली, जणू कोळशाने ओढलीय. पण आहे ती शाईच, सुक्या ब्रशने, पॅकिंगच्या स्वस्त कागदावर. ही पद्धत दिसते त्यापेक्षा अवघड आहे, आणि हात बसवायचा असेल तर तो बसवता येतो.

ब्रश कडक केसांचा असावा. पाणरंगाचा मऊ सेबल ब्रश इथे वाकतो आणि बसतो. शाई घट्ट हवी. बाटलीच्या तळाशी साचलेली चालते, पाणी घालायचं नाही. ब्रश बुडवून फडक्यावर दोन-तीनदा पुसायचा, आणि तो कोरडा झाला असं वाटतं तेव्हाही आणखी एकदा. मग फालतू कागदावर ओढून बघायचा: पहिली रेघ नेहमी ओली निघते, दुसरीपासून कामाची. ब्रश उभा धरला तर टोकातून शाई उतरते, म्हणून कागदाला जवळजवळ समांतर धरून अंगाने ओढायचा, आणि भरभर. कागदाच्या पोताचे उंचवटे शाई घेतात, खळगे कोरडे राहतात. सावकाश ओढलं की खळगेही भरतात आणि साधी काळी पट्टी उरते. खाकी पॅकिंग कागदाला एक बाजू चकचकीत, दुसरी खरबरीत असते. काम खरबरीत बाजूवर. सगळ्यात जास्त चुकतं ते ओल्या ब्रशमुळे. या कागदाला खळ नसते किंवा नावापुरती असते, तो टिपकागदासारखा शोषतो, आणि ओला ब्रश टेकला की रेघेला केसाळ काठ फुटतात. पावसाळी हवेत कागद आधीच ओलसर असतो, मग तर पुसलेला ब्रशही पसरतो. कागद थोडा शेकून घेतला की फरक पडतो. काम झाल्यावर ब्रश लगेच धुवावा. पाण्याने न निघणाऱ्या शाईत लाख असते. ती वाळली की ब्रश गेला.

सुक्या ब्रशची गंमत अशी की तो दिसायला राखाडी आणि असायला काळा. डोळ्याला खरखरीत छटा भासते, पण जवळून पाहिलं तर काळे कण आणि कागद. म्हणजे लाइन ब्लॉकला तो पचतो, कण फार बारीक नसतील तर. आबेदिनने हे ब्लॉकसाठी केलं असं म्हणायचं कारण नाही. त्याच्याकडे स्वस्त कागद होता, आणि स्वस्त कागदाला वॉश झेपत नाही.

आता अंगाबद्दल. भुकेलं शरीर काढताना नवखा चित्रकार एकच चूक करतो: सगळं बारीक करतो. काडीसारखे हात, काडीसारखे पाय, वर मोठं डोकं. व्यंगचित्रातला सांगाडा तयार होतो आणि पाहणारा नजर काढून घेतो. खरी उपासमार तशी दिसत नाही. मांसल भाग आधी जातो, हाडांचे सांधे तेवढेच राहतात, म्हणून गुडघा मांडीपेक्षा जाड दिसतो आणि कोपर दंडापेक्षा. कानशिलात खळगा पडतो. गळ्याच्या हाडामागे वाटी तयार होते. ढुंगणाचं मांस जाऊन कातडी दुमडते, म्हणून बसलेली म्हातारी पाठीमागून पाहिली तर रिकाम्या पिशवीसारखी दिसते. आणि सगळ्यात फसवं म्हणजे सूज. रक्तातली प्रथिनं घटली की पाणी पायांत उतरतं. घोटे आणि पाऊल जाड, अंगठ्याने दाबलं तर खड्डा राहतो. मुलांमध्ये पोट पुढे येतं, कधी चेहराही सुजतो, केस विरळ आणि तांबूस होतात. बारीक नडगीखाली सुजलेलं पाऊल ज्याने काढलं, त्याने ते पाहिलेलं असतं. आठवणीतून किंवा कल्पनेतून भूक काढणाऱ्याच्या चित्रात ते पाऊल नसतं. चित्तप्रसादच्या आणि आबेदिनच्या पानांवर पावलं बघावीत.

आणखी एक गोष्ट, बसण्याची. मरणासन्न माणूस जमिनीवर असतो, चित्रकार उभा असला तर वरून दिसतं ते शरीर दबलेलं, चपटं येतं. चित्तप्रसादच्या कित्येक चित्रांत नजर समोरच्याच्या पातळीवर आहे. म्हणजे तो खाली बसला होता.

पण त्याच्या कामात ज्या गोष्टीवर माझा सगळ्यात जास्त जीव आहे ती रेघ नाही, लिहिणं आहे. चित्राच्या कडेला तो लिहून ठेवी: नाव, गाव, तारीख, कधी घरात कोण उरलं तेही. जमीन गेली का, भांडी विकली का, बायको कुठे गेली. मेदिनीपूरच्या त्या प्रवासाचं वर्णनही त्याने स्वतःच लिहिलं, आणि ते वार्ताहराचं लिखाण आहे: बाजारात तांदूळ काय भावाने, लंगरखान्यात पातळ खिचडी किती जणांना, मदतीचा माल कुठे अडला. नाव लिहिल्याने चित्राचं काम बदलतं. बिननावाची उपाशी आई ‘बंगालमाता’ होते आणि पोस्टरवर जाते. नाव-गाव असलेली बाई कुणीतरी जाऊन शोधू शकतो, आणि ती मेली असेल तर कुणाच्या तरी अधिकारक्षेत्रात मेलेली असते.

इथे पक्षाचा विषय टाळता येत नाही. हिटलरने रशियावर हल्ला केल्यावर कम्युनिस्ट पक्षाने हे ‘लोकयुद्ध’ ठरवलं, युद्धाला पाठिंबा दिला, आणि जुलै १९४२मध्ये सरकारने पक्षावरची बंदी उठवली. त्यामुळे पक्षाच्या पत्रांतला रोख साठेबाज, काळाबाजारवाले आणि नालायक नोकरशाही यांच्यावर असे. होड्या कुणी आणि कशासाठी नेल्या यावर तितका जोर नसे. चित्तप्रसाद या चौकटीतलाच माणूस, त्याचा मजकूरही बराचसा त्याच वळणाचा. पण चित्रांत ती चौकट राहत नाही. ओस पडलेलं घर साठेबाजाने ओस पाडलं की सरकारने, हे रेघ सांगत नाही. ती घर ओस आहे एवढंच सांगते, आणि बघणारा हिशेब स्वतः करतो. सरकारनेही तो केला असावा. मेदिनीपूरच्या प्रवासाचं पुस्तक मुंबईत छापलं गेलं, बावीस चित्रांसह, ५००० प्रती. ब्रिटिश सरकारने त्या जप्त करून जाळून टाकल्या. एक प्रत कुटुंबाने बँकेच्या लॉकरमध्ये सांभाळली. तिच्यावरून २०११ साली दिल्लीच्या एका कलादालनाने हुबेहूब आवृत्ती काढली. पक्ष सरकारच्या बाजूने, पुस्तक सरकारच्या विरोधात, लेखक एकच. त्या काळाचा गुंता समजून घ्यायला हे एक उदाहरण पुरे.

मुंबई या गोष्टीत उगाच आलेली नाही. पक्षाचं मुख्य कार्यालय सँडहर्स्ट रोडवर होतं, साप्ताहिक तिथून निघे, मराठीत ते ‘लोकयुद्ध’ म्हणून वाचलं जाई. मे १९४३मध्ये इप्टा या डाव्या नाट्यसंघाची स्थापना मुंबईतच झाली, आणि तिचा तो नगारा वाजवणारा माणूस, जो आजही बॅनरवर दिसतो, चित्तप्रसादने काढलेला आहे. गिरणगावात बंगालची भूक पोचली ती चित्रांपेक्षा आवाजातून: अण्णा भाऊ साठ्यांनी तिच्यावर पोवाडा रचला. १९४६पासून चित्तप्रसाद मुंबईचा झाला, अंधेरीत राहिला. काही वर्षांत पक्षापासून दूर झाला आणि मग मुख्यतः लिनोकट.

लिनोकडे वळणं मला स्वाभाविक वाटतं. ब्लॉकमेकर, आम्ल, कॅमेरा, सगळ्यांना फाटा देऊन चित्रकार स्वतःच ब्लॉक कोरतो. लिनोलियम म्हणजे जवसाचं आटवलेलं तेल, राळ आणि बुचाची पूड, गोणपाटावर थापलेली. फरशीवर घालायची वस्तू. थंड असली की कडक, तुकडे उडतात. उन्हात किंवा गरम तव्याजवळ थोडी ठेवली की हत्यार लोण्यासारखं जातं. जुनी झाली, तेल सुकलं, की कडा भुगभुगतात आणि बारीक रेघ टिकत नाही. कोरताना रेघेच्या बाजू बाहेरच्या दिशेला उतरत्या ठेवायच्या, बांधाला जसा उतार देतात तशा. आत पोखरलं की दाबाखाली रेघ कलंडते. जस्तात आम्ल जी चूक करतं तीच इथे हात करतो. अक्षरं उलटी कोरायची हे सगळ्यांना माहीत असतं आणि तरी पोस्टरवर एखादं सुलटं राहून जातं. शाई रोलरवर इतकीच घ्यायची की तो फिरताना भजी तळल्यासारखा बारीक चरचर आवाज येतो. आवाज बसला, चप-चप झाला, म्हणजे जास्त झाली, आता बारीक खोबणी भरणार. प्रेस नसेल तर कागद वर ठेवून चमच्याच्या पाठीने गोल गोल घासायचं, मधून मधून एक कोपरा उचलून बघायचं. कागद हलला तर दुहेरी रेघ, आणि तो ठसा रद्दीत.

१९५०च्या दशकाच्या सुरुवातीला त्याने कष्टकरी मुलांची मालिका या पद्धतीने केली: बूटपॉलिशवाली, ओझी वाहणारी, फुटपाथवर झोपणारी. युद्ध संपून काही वर्षं झाली होती. १९६९मध्ये युनिसेफच्या डॅनिश समितीने ती प्रसिद्ध केली. त्या पोरांच्या पावलांकडे पाहिलं तर मेदिनीपूरची पानं आठवतात, फक्त इथे पाऊल उभं आहे.

चितगावकडचाच चित्रकार सोमनाथ होर चित्तप्रसादच्या मागे मागे भुकेची चित्रं काढायला शिकला, आणि पुढे पांढऱ्या कागदाच्या लगद्यावर फक्त जखमा उमटवण्यापर्यंत गेला. तो प्रवास स्वतंत्र लेखाचा.

या सगळ्या मूळ कागदांचं आज काय होतंय? स्वस्त कागद लाकडाच्या लगद्याचा, त्यात आम्ल. ते आतून धागे तोडत राहतं. कागद आधी पिवळा, मग तपकिरी, मग घडीवर तुटणारा होतो. शाई मात्र काजळीची आहे, तिला उजेड-हवा काही करत नाही. जतन करणारे कागदातलं आम्ल मारण्याचे उपाय करतात, फाटलेल्या कडांना पातळ जपानी कागद गव्हाच्या खळीने लावतात. साधा सेलोटेप कधीही लावू नये. त्याचा डिंक काही वर्षांत कागदात उतरून तेलकट डाग पाडतो आणि तो निघत नाही. प्रदर्शनात अशा कागदांवर ५० लक्सच्या वर उजेड टाकत नाहीत, तोही काही महिनेच. संध्याकाळी खोलीत दिवा लावायच्या आधी असतं तितपतच ते. काळी रेघ त्या उजेडातही लांबून दिसते. कडेला लिहिलेलं गावाचं नाव वाचायला मात्र काचेवर पार वाकावं लागतं.